घर पाडण्यापूर्वींची सुनावणी

८ मार्च २०१९ रोजीं अलिबाग तालुक्यांतील किहीम गांवीं समुद्राकांठचा एक टोलेजंग बंगला सुरुंग लावून भुईसपाट करण्यांत आला. बंगला नीरव मोदी या परदेशीं पळून गेलेल्या हिरेव्यापाऱ्याचा होता. पाडकामास जानेवारींतच प्रारंभ झाला होता. परंतु बांधकाम इतकें भक्कम निघालें कीं यंत्रांनीं तें लवकर उरकेना, म्हणून अखेरीस खांबांना भोकें पाडून त्यांत दारू भरावी लागली. किनाऱ्यावरील बेकायदा बंगल्यांसंबंधीं मुंबईच्या उच्च न्यायालयांत जनहित याचिका चालू होती, आणि वर्षानुवर्षें कागदोपत्रीं पडून राहिलेला हुकूम एकदांचा अमलांत आला याचें पुष्कळांस समाधान वाटलें. तें वाटणें स्वाभाविकच होतें. तथापि त्या समाधानाच्या भरांत एक उद्गार ठिकठिकाणीं ऐकूं आला, तो असा कीं, "अशांना कसली नोटीस आणि कसली सुनावणी! पाडून मोकळें व्हावें." प्रस्तुत लेख त्या उद्गारामुळें सुचला आहे.

टोलेजंग बंगल्याच्या मालकाला सुनावणीच्या हक्काची फारशी काळजी करावी लागत नाहीं. त्याचे वकील त्याच्यासाठीं तो हक्क जागता ठेवतात. काळजी आहे ती त्याच किनाऱ्यावर, कांहीं हातांच्या अंतरावर, जाळीं वाळत घालून बसलेल्या माणसाची. कायद्याच्या भाषेंत दोघांच्याही घरांना एकच विशेषण लागूं शकतें, 'अनधिकृत'. आणि एकाच्या बाबतींत उतावीळपणानें उच्चारलेला शब्द दुसऱ्याच्या छपरावर जाऊन पडतो. म्हणून हा हक्क कोठून आला, कोणत्या प्रसंगीं तो कसास लागला आणि आज त्याची स्थिति काय आहे, हें थोडें इतिहासाच्या आधारें पाहणें उपयुक्त होईल.

दोन्ही बाजू ऐकल्यावांचून निर्णय करूं नये, ही कल्पना आपल्याला परकी नाहीं. आपल्या धर्मशास्त्रकारांनीं व्यवहार, म्हणजे न्यायनिवाडा, चतुष्पाद मानिला आहे. पहिला पाद भाषा, म्हणजे वादीचें म्हणणें, दुसरा उत्तर, तिसरा क्रिया, म्हणजे पुरावा, आणि चौथा निर्णय. यांतील उत्तराचा पाद काढून घेतला तर व्यवहार तीन पायांवर लंगडत चालणार, हें सांगावयास नको. मराठेशाहींतील महजरांतही हाच क्रम आढळतो. अग्रवादी आणि पश्चिमवादी अशा दोन्ही पक्षांच्या तकरिरी लिहून घ्यावयाच्या, निवाडा मान्य करूं असा राजीनामा त्यांजकडून घ्यावयाचा, जामीन घ्यावयाचे, आणि मग गोतसभेनें किंवा हाजिरमजालशीनें निकाल द्यावयाचा, अशी ती रीत होती. परंतु या वैभवाचें वर्णन करतांना आपण तोल सोडूं नये. हे निवाडे बहुतांशीं वतनाच्या व मानपानाच्या तंट्यांचे, म्हणजे प्रजेप्रजेंतील वादांचे आहेत, आणि त्या सभेंत सर्व जातींच्या शब्दाला सारखें वजन होतें असेंही नाहीं. सरकार स्वतःच कोणाचें घर पाडावयास निघालें असतां त्याचा हात कोणीं धरावा, हा प्रश्न त्या महजरांत सुटत नाहीं.

तो प्रश्न विलायतेंत सुटला, आणि तोही एका अर्धवट बांधलेल्या घरावरून. १८५५ च्या कायद्यानें लंडन शहरांत असा नियम झाला होता कीं, नवें घर बांधणारानें पाया घालण्यापूर्वीं सात दिवस स्थानिक बोर्डास कळवावें. न कळविल्यास बोर्डानें तें घर पाडावें. कूपर नांवाच्या एका गृहस्थानें वाँड्सवर्थ भागांत घर बांधावयास घेतलें. आपण बोर्डाला कळविलें होतें असें त्याचें म्हणणें. कळविलेंच नाहीं असें बोर्डाचें म्हणणें. आणि सात दिवस पुरे होण्याच्या आंतच त्यानें काम सुरू केलें होतें, हें तर त्यालाही कबूल होतें. घर दुसऱ्या मजल्यापर्यंत आलें असतां बोर्डानें माणसें पाठविलीं आणि मालकाला एक शब्दही न विचारतां तें जमीनदोस्त केलें. कूपरनें नुकसानभरपाईची फिर्याद लाविली. बोर्डाचा बचाव सरळ होता: कायद्यानें आम्हांला पाडण्याचा अधिकार दिला आहे, आणि आधीं ऐकून घ्या असें त्यांत कोठेंही म्हटलेलें नाहीं.

१८६३ सालीं न्यायालयानें एकमतानें निकाल दिला तो कूपरच्या बाजूनें. कायदा मुका असेल तेथें न्यायाचें सामान्य तत्त्व त्याची उणीव भरून काढतें, असा त्याचा आशय होता. मुख्य न्यायाधीश अर्ल यांनीं एक व्यवहारी मुद्दा मांडला. कूपरला बोलावलें असतें तर कदाचित् त्यानें सांगितलें असतें कीं, सूचना पाठविली होती पण ती वाटेंत हरवली. आणि ऐकून घेण्यानें बोर्डाचें कांहींच बिघडणार नव्हतें. येथें एक गोष्ट ध्यानांत घेण्यासारखी आहे. कूपर हा निर्दोष मनुष्य नव्हता. नियम मोडल्याचें त्याच्याच तोंडून निघालें होतें. तरीही, चूक किती आणि शिक्षा किती, हें ठरविण्याआधीं त्याचें ऐकावयास हवें होतें, असें न्यायालयानें म्हटलें. सुनावणीचा हक्क निरपराध्यापुरताच राखून ठेवला असता तर त्याला हक्क म्हणतांच आलें नसतें. कारण निरपराधी कोण, हें सुनावणीनंतरच कळावयाचें असतें.

याच निकालांत एका न्यायाधीशानें त्याहून जुन्या खटल्याचा दाखला दिला. केंब्रिज विद्यापीठानें डॉक्टर बेंटली या विद्वानाच्या पदव्या त्याचें न ऐकतां काढून घेतल्या होत्या. त्या प्रकरणीं १७२३ मध्यें न्यायमूर्ति फोर्टेस्क्यू यांनीं बायबलांतील आदमाची गोष्ट काढली. प्रत्यक्ष ईश्वरानेंही आदमाला बागेंतून घालविण्यापूर्वीं 'तूं कोठें आहेस, तें फळ तूं खाल्लेंस काय' असें विचारलें होतें. युक्तिवाद वरवर विनोदी वाटतो, पण त्यांत मोठा अर्थ आहे. ईश्वर सर्वज्ञ; त्याला आदमाकडून नवी माहिती मिळावयाची नव्हती. तरी त्यानें विचारलें. म्हणजे ऐकून घेण्याचे उपयोग दोन झाले: एक, ऐकणाराची चूक टळते; दुसरा, ज्याचें ऐकलें जातें त्याचें माणूसपण राखलें जातें. पहिल्याची गरज नसली तरी दुसऱ्याची उरतेच.

आतां याच इंग्रजांच्या अमलांत १८८८ सालीं मुंबई शहराचा महापालिका कायदा झाला. कूपरचा निकाल होऊन पंचवीस वर्षें लोटलीं होतीं. तरी त्या कायद्याच्या ३१४ व्या कलमांत रस्त्यावरील व पदपथावरील अडथळे आयुक्तानें विना नोटीस हलवावे, असे शब्द पडले. हातगाडी, फळकुटें, पाटी, टपरी अशा वस्तु डोळ्यांपुढें ठेवून ते लिहिले असावेत. पुढें शंभर वर्षांच्या आंत त्या पदपथांवर माणसें संसार करूं लागलीं, आणि अडथळा म्हणजे कोणाचें तरी घर, अशी अवस्था आली.

येथें आपल्या किनाऱ्याचा संबंध पुन्हां येतो. १ जानेवारी १९८१ रोजीं कुलाबा जिल्ह्याला रायगड हें नांव मिळालें. तें देणारे मुख्यमंत्री बॅरिस्टर अब्दुल रहमान अंतुले हे याच जिल्ह्यांतील, सावित्रीच्या खाडीकांठच्या आंबेत गांवचे. त्याच वर्षीं १३ जुलैला त्यांनीं जाहीर केलें कीं, मुंबईंतील पदपथांवर राहणाऱ्या सर्वांना तेथून हलवून आपापल्या मूळ गांवीं किंवा शहराबाहेर पोंचविण्यांत येईल. ऐन पावसाळ्यांत, उघड्यावर, अशा रीतीनें राहणें हें माणसाचें जिणेंच नव्हे, असें त्याचें कारण त्यांनीं दिलें. त्या म्हणण्यांतील कळवळा खोटा मानण्याचें प्रयोजन नाहीं. परंतु कळवळ्यानें घर पाडणाराला पाडण्यापूर्वीं विचारण्याची आवश्यकता भासत नाहीं, आणि कळवळा व न्याय यांतील भेद नेमका येथेंच आहे. दहा दिवसांतच झोपड्या पडूं लागल्या आणि माणसें गाडींत बसवून परप्रांतीं रवाना होऊं लागलीं.

ओल्गा टेलिस या पत्रकार बाईंच्या नांवानें प्रसिद्ध असलेला खटला यांतून उद्भवला. उच्च न्यायालयांत रहिवाशांच्या वतीनें असें मान्य करण्यांत आलें होतें कीं, पदपथावर झोपडी बांधण्याचा मूलभूत हक्क आम्हांला नाहीं आणि १५ ऑक्टोबर १९८१ पर्यंत आम्ही निघून जाऊं. सर्वोच्च न्यायालयांत सरकारनें ही कबुली पुढें केली. पांच न्यायाधीशांच्या पीठानें ती बाजूस सारली; मूलभूत हक्क हा कबुलीजबाबानें गमावतां येत नाहीं, असें म्हटलें. १० जुलै १९८५ रोजीं सरन्यायाधीश यशवंत विष्णु चंद्रचूड यांनीं निकाल दिला. जगण्याच्या हक्कांत उपजीविकेचा हक्क अंतर्भूत आहे, हें त्यांतील प्रसिद्ध विधान. परंतु आपल्या विषयाच्या दृष्टीनें महत्त्वाचा भाग ३१४ व्या कलमाचा. पालिकेचें म्हणणें असें कीं, अतिक्रमण करणाराला जर हक्कच नाहीं तर त्याचें ऐकून उपयोग काय? न्यायालयाचें उत्तर असें कीं, कलम आयुक्ताला विना नोटीस हलविण्याची मुभा देतें, सक्ति करीत नाहीं. म्हणून नोटीस व सुनावणी हा नियम समजावा, आणि ती टाळणें हा निकडीचा अपवाद. सुनावणीला तिच्या फळाहून वेगळें, स्वतःचें असें मोल आहे, हेंही तेथें स्पष्ट सांगितलें गेलें. फोर्टेस्क्यूच्या आदमाची आठवण व्हावी असाच तो विचार आहे.

इतकें म्हटल्यावर मात्र निकालाला अनपेक्षित वळण मिळालें. या रहिवाशांचें म्हणणें आम्हींच सविस्तर ऐकलें आहे, तेव्हां आतां आयुक्तांनीं तें पुन्हां ऐकण्याचें कारण नाहीं, असें न्यायालयानें ठरविलें. झोपड्या ३१ ऑक्टोबर १९८५ पूर्वीं पाडूं नयेत, एवढी मुदत दिली. आणि १९७६ च्या गणनेचीं ओळखपत्रें असणारांना अन्यत्र जागा द्यावी, पण ती पाडण्याची पूर्वअट समजूं नये, असें सांगितलें. थोर न्यायाधीशांच्या थोर निकालाविषयींही आदर राखून शंका घेतां येते, आणि येथें ती घेतलीच पाहिजे. दिल्लीच्या न्यायालयांत एका वर्गाची बाजू ऐकली गेली. परंतु अमुक झोपडींतली अमुक बाई केव्हांपासून राहते, तिच्याजवळ गणनेचें ओळखपत्र आहे कीं नाहीं, तिचें काम कोठें आहे, हें तेथें कोण ऐकणार? तत्त्व सबंध देशासाठीं सिद्ध झालें, आणि ज्यांच्यामुळें सिद्ध झालें त्यांच्याच वांट्याला तें आलें नाहीं. सुनावणी ही वर्गाची नसते, माणसाची असते, हा त्या निकालाचा न लिहिलेला धडा मला वाटतो.

हा धडा आपल्या किनाऱ्याला विशेष लागू पडतो. १९ फेब्रुवारी १९९१ रोजीं केंद्र सरकारनें किनारा नियमनाची अधिसूचना काढली. भरतीच्या रेषेपासून ५०० मीटरपर्यंतचा पट्टा तिच्या कक्षेंत आला, आणि ग्रामीण किनाऱ्यावर पहिल्या २०० मीटरांत नवें बांधकाम सामान्यतः बंद झालें. समुद्र, वाळू आणि खाजण यांच्या रक्षणासाठीं ही योजना योग्यच होती. परंतु मांडव्यापासून श्रीवर्धनपर्यंत कोळीवाडे त्या रेषेच्या आधीं शेंकडों वर्षांचे. कोळ्याचें घर समुद्रापासून दूर नेतां येत नाहीं, कारण होडी दूर नेतां येत नाहीं. तें घर एका दिवसांत बांधलेलेंही नसतें. आजोबांनीं कुडाच्या भिंती आणि शाकारलेलें छप्पर उभें केलें, मुलानें मंगलोरी कौलें घातलीं, नातवानें मागें एक विटांची खोली काढली. यांत जुनें कोणतें, नवें कोणतें, डागडुजी कोणती आणि बांधकाम कोणतें? ६ जानेवारी २०११ च्या अधिसूचनेनें ही अडचण ओळखली होती. किनाऱ्यावरील पारंपरिक रहिवाशांचीं जीं घरें जुन्या नियमांत बसण्याजोगीं होतीं, पण ज्यांना रीतसर मंजुरी मिळालेली नव्हती, तीं नियमित करण्याची तरतूद तिच्यांत होती; अट एवढीच कीं, घर धंद्यासाठीं वापरलेलें नसावें आणि परक्याला विकलेलें नसावें. पुढें जानेवारी २०१९ मध्यें आणखी नवी अधिसूचना आली. म्हणजे एखादें घर राहावें कीं जावें, हें तें कोणाचें, केव्हांचें, कशासाठीं वापरलेलें आणि कोणत्या नियमाच्या काळचें, या प्रश्नांवर अवलंबून राहिलें. या प्रश्नांचीं उत्तरें मोजणीच्या नकाशांत नसतात. तीं घरांत राहणाराच्या तोंडांत असतात.

चार वर्षांपूर्वीं माझ्या एका विद्यार्थ्यानें मला आपल्या गांवीं नेलें होतें. त्याच्या आजोबांच्या दारावर एका कचेरीची नोटीस डकविलेली होती: बांधकाम अनधिकृत असून सात दिवसांत स्वतः काढून घ्यावें, अन्यथा खर्चासह काढलें जाईल. म्हाताऱ्यानें कागद सोडवून माझ्या हातीं दिला, तो उलटा करून मागची कोरी बाजू दाखविली आणि विचारलें, "मास्तर, ह्यांत आमचं म्हणणं लिवायला जागा कुठं ठेवलीय?" मला उत्तर सुचलें नाहीं. नंतर आम्ही घरांतील पेटी उघडली. घरपट्टीच्या जुन्या पावत्या निघाल्या, आणि ३ जून २०२० च्या निसर्ग चक्रीवादळानंतर तलाठ्यानें केलेल्या पंचनाम्याची प्रत निघाली. तिच्यांत हेंच घर, याच म्हाताऱ्याच्या नांवें, कौलें उडालेलें राहतें घर म्हणून नोंदलेलें होतें, आणि त्या नोंदीवर मदतही मिळाली होती. सरकारच्या एका हातानें ज्या घराला मदत दिली होती, तेंच घर दुसरा हात पाडावयास निघाला होता. आणि पहिल्या हाताचें काम दुसऱ्याला ठाऊक नव्हतें. अर्ज गेला, अधिकाऱ्यानें बोलावून घेतलें, पेटींतले कागद पाहिले. चौकशी अद्याप संपलेली नाहीं, आणि निकाल काय लागेल तें मी सांगूं शकत नाहीं. पण घर उभें आहे, आणि चौकशी उभ्या घराची होत आहे. अर्ल साहेबांनीं १८६३ सालीं वाटेंत हरवलेल्या पत्राचें उदाहरण घेतलें होतें. आमच्या किनाऱ्यावर तें पेटींत सांपडलें, एवढाच फरक.

आतां मूळच्या उद्गाराकडे वळूं. सुनावणी म्हटली कीं वर्षानुवर्षें विलंब, आणि तो विलंब धनिकाच्या पथ्यावर पडतो, हा आक्षेप खोटा नाहीं. याच किनाऱ्यावर मोठमोठे बंगले स्थगितीच्या आडोशाला दीर्घ काळ उभे राहिले आहेत. परंतु त्याचा दोष सुनावणीकडे जात नाहीं. ऐकून घेणें ही एका दिवसाची गोष्ट आहे. ऐकल्यावर निर्णय न लिहिणें ही वर्षांची गोष्ट आहे. तारखांची माळ म्हणजे सुनावणी नव्हे. ज्या अधिकाऱ्यानें नोटीस वेळेवर काढली, म्हणणें ऐकलें, जागा पाहिली आणि कारणें देऊन हुकूम लिहिला, त्याच्या हुकुमाला स्थगिति मिळणें कठीण जातें. जो घाईनें, न विचारतां हातोडा उचलतो, तोच बंगलेवाल्याच्या वकिलाच्या हातीं आयतें शस्त्र देतो. मुंबईंत ९ सप्टेंबर २०२० रोजीं एका चित्रपट-अभिनेत्रीच्या बंगल्याचा भाग पालिकेनें चोवीस तासांच्या नोटिशीवर पाडला. २७ नोव्हेंबरला उच्च न्यायालयानें ती कारवाई रद्द ठरविली. घाईचा हिशेब असा उलटा बसतो. आणि सुनावणी गाळली तर धनिक न्यायालयांत जाईल. गरीब कोठें जाईल?

अलीकडे या इतिहासांत आणखी एक पान जोडलें गेलें आहे. कांहीं राज्यांत एखाद्यावर गुन्ह्याचा आरोप येतांच त्याच्या घरावर बुलडोझर नेण्याची प्रथा पडूं लागली होती. १३ नोव्हेंबर २०२४ रोजीं सर्वोच्च न्यायालयाचे न्यायमूर्ति भूषण गवई आणि के. व्ही. विश्वनाथन यांनीं तिला आळा घातला. पंधरा दिवसांची नोटीस, ती नोंदणीकृत टपालानें आणि दारावर डकवूनही. नोटिशीवर मागची तारीख घालतां येऊं नये म्हणून जिल्हाधिकाऱ्याच्या कचेरीस तात्काळ खबर. प्रत्यक्ष सुनावणी आणि तिचें टिपण. पाडण्यावांचून दुसरा उपाय कां नाहीं, याचीं कारणें देणारा हुकूम. हुकुमानंतर पुन्हां पंधरा दिवस. आणि हे नियम मोडणाऱ्या अधिकाऱ्याकडून वैयक्तिक भरपाई, असे ते दंडक आहेत. म्हाताऱ्याच्या प्रश्नाला उत्तर म्हणून नोटिशींत आतां जागा राखली गेली आहे, असें म्हणावयास हरकत नाहीं.

पण पूर्ण जागा नव्हे. रस्ता, पदपथ, लोहमार्गालगतची जागा, नदी वा जलाशय अशा सार्वजनिक स्थळांवरील अनधिकृत बांधकामांना, तसेंच न्यायालयानेंच पाडण्याचा हुकूम दिला असेल तेथें, हे दंडक लागू नाहींत. अपवादाचें कारण समजण्यासारखें आहे. तथापि देशांतील अत्यंत गरीब माणसें बहुधा याच जागांवर राहतात, हेंही विसरतां येत नाहीं. त्यांच्यासाठीं १९८५ चा निकाल हाच आधार राहतो, आणि तो त्यांना ठाऊक असेल तरच उपयोगी. म्हणून हा विषय वकिलांपुरता ठेवूं नये. गांवचा शिक्षक, ग्रामपंचायतीचा सदस्य, सुटींत घरीं आलेला पदवीधर यांपैकीं कोणीही नोटिशीवरची तारीख वाचूं शकतो, घरांतली पेटी उघडावयास लावूं शकतो आणि चार ओळींचा अर्ज लिहून देऊं शकतो.

किहीमचा बंगला पडला तें योग्यच झालें, असें माझेंही मत आहे. त्याचें कारण त्याचा मालक दुष्ट होता, हें नव्हे. तें बांधकाम नियमाविरुद्ध होतें, हें होय. हा भेद आपण जपला नाहीं, तर उद्यां मालक आवडता कीं नावडता यावरून हातोडा उचलला जाईल. आणि तसें होऊं लागलें कीं कोळीवाड्यांतल्या म्हाताऱ्याची पेटी उघडण्यास कोणीही थांबणार नाहीं. चुकीचा निकाल वरच्या न्यायालयांत फिरवितां येतो; पाडलेलें घर निकालानें उभें राहत नाहीं. यासाठींच ऐकून घेणें हें आधींच करावयाचें काम आहे.